मागच्या दाराचा उजेड

कांडीमावशी ठार बहिरी होती, आणि म्हणूनच तिला जे दिसायचं ते आपल्यासारख्या कानवाल्यांना सात जन्मांत दिसलं नसतं.

ब्लँकेटच्या कारखान्यात तिने नऊ वर्षं सुताच्या कांड्या भरल्या होत्या. चाळीस माग एकदम सुरू झाले की शेजारी उभ्या असलेल्या बाईने बोंब मारली तरी कळायचं नाही. मग तिथल्या बायकांनी एक युक्ती काढली होती. आवाज काढायचाच नाही, नुसते ओठ हलवायचे, जरा ताणून, जरा सावकाश. आणि पार पलीकडच्या टोकाची बाई ते वाचून फिदीफिदी हसायची. या बोलण्याला त्या ओठबोली म्हणायच्या. मुकादम समोर उभा असताना त्याच्या टकलाची टिंगल त्याच्याच नाकासमोर चालायची, आणि त्या बिचाऱ्याला वाटायचं, बायका काहीतरी चघळतायत. पुढे मागांनी मावशीचे कान खाऊन टाकले, पण ओठबोली राहिली.

तिच्या समोर लॅपटॉप उघडून बसली होती ती भिंगरी. हे नाव तिच्या वडिलांनी ठेवलेलं, लहानपणी पायाला भिंगरी लावल्यासारखी गावभर फिरायची म्हणून. आता वयाची चाळिशी उलटली तरी तिची फिरती काही थांबली नव्हती. एका खांद्यावर कॅमेरा आणि दुसऱ्यावर मायक्रोफोनची पिशवी घेऊन ती माहितीपट करायची. पदरमोड करून, कुणाच्या दारात न जाता. ज्या गोष्टींकडे सगळं जग कानाडोळा करतं त्याच नेमक्या हिला खुपायच्या. इस्पितळाच्या चादरी धुणाऱ्या बायकांवर तिने एक माहितीपट केला होता, बसायला खुर्चीही न मिळणाऱ्या पहारेकऱ्यांवर एक. दोनशे खुर्च्यांच्या सभागृहात चाळीस माणसं येऊन ते बघून गेली, त्यातली निम्मी तिच्या ओळखीची. तरी बाई हटली नाही.

या वेळचा विषय मात्र वडिलांच्या स्टुडिओतल्या माळ्यावरून खाली आला होता. दोन वर्षांपूर्वी वडिलांना अर्धांगवायूचा झटका आला. त्यांचा फोटो स्टुडिओ रिकामा करताना तिला पत्र्याचा एक गोल डबा सापडला. आत सोळा मिलिमीटरची फिल्म. डब्यावर वडिलांच्या अक्षरात कारखान्याचं नाव आणि एक तारीख. ती तारीख त्या गावातल्या म्हाताऱ्या माणसांना अजून पाठ होती. त्याच दिवशी दुपारी एक वाजता कारखाना जळाला आणि आतल्या एकतीस बायका जळाल्या.

वडील तेव्हा तरुण कॅमेरामन होते. मालकाला कारखान्याची जाहिरात करायची होती, म्हणून त्यांनी सकाळी दोन-तीन तास आत शूटिंग केलं आणि अकराला निघून आले. फिल्म धुऊन आली तेव्हा दाखवायला कारखाना उरला नव्हता. त्यानंतर त्यांनी सिनेमाचा कॅमेरा विकला आणि उभं आयुष्य पासपोर्टचे फोटो काढण्यात घालवलं. का, ते त्यांनी कधी सांगितलं नाही, आणि घरात कुणी विचारलं नाही.

चौकशी झाली होती. चौकशीच्या अहवालात एक वाक्य होतं, आणि त्या वाक्याने एकतीस घरांच्या आशेवर पाणी फिरवलं होतं: "मागचे दार नेहमीप्रमाणे उघडेच होते, कामगार स्त्रिया घाबरून भलत्या दिशेने धावल्या." म्हणजे मेल्या त्या आपल्याच मूर्खपणाने. कांडीमावशीने तेव्हा घसा फोडून सांगितलं होतं की दार बंद होतं, सगळ्या जणी त्या दाराशीच एकावर एक सापडल्या. ती स्वतः वाचली होती कारण तिची सासू तान्हं बाळ घेऊन फाटकाशी आली होती आणि ती त्याला पाजायला बाहेर गेली होती. साहेबांनी लिहून घेतलं: साक्षीदार बहिरी आहे, आगीच्या वेळी आत नव्हती. झालं. ऐकू न येणाऱ्या बाईचं कोण ऐकतो!

आता त्रेचाळीस वर्षांनी, भिंगरीने वर्षभर कचेऱ्यांचे जिने झिजवल्यावर, फेरसुनावणी मंजूर झाली होती. सोमवारी. नवा पुरावा असेल तरच. आणि नवा पुरावा म्हणजे ही मुकी फिल्म, नुकतीच लॅबमधून कॉम्प्युटरवर उतरवून आलेली.

"लाव," मावशी म्हणाली. बहिऱ्या माणसाचा आवाज असतो तसा तिचा आवाज सपाट आणि मोठा होता.

सकाळचे दहा वाजले होते. मावशीच्या खोलीत बाहेरचं ऊन येऊ नये म्हणून भिंगरीने खिडकीला चादर लावली होती. पडद्यावर मागांच्या दोन रांगा दिसल्या, त्यामागे उभ्या बायका. चित्राच्या मागच्या टोकाला पांढरा झोत होता, दुधासारखा, त्याने निम्म्या चेहऱ्यांचा नुसता काळोख करून टाकला होता. भिंगरीने तोंड वाकडं केलं. मागून उजेड घेऊन कुणी असा शॉट लावतं का! बाबा तेव्हा शिकाऊच होते म्हणायचे.

मावशी मात्र पुढे झुकली होती. तिचे ओठ हलायला लागले आणि मग त्यातून आवाज फुटला.

"केस नीट कर गं, सिनेमात चाललीस... हॅ, माझी सासू बघेल आणि म्हणेल, इथे तरी काम करते का... कॅमेरावाला बघ, घामाने भिजलाय, पाणी द्या कुणीतरी लेकराला..."

आणि मावशी खदाखदा हसली. पडद्यावरची बाई त्याच क्षणाला हसली. त्रेचाळीस वर्षांपूर्वी मेलेल्या बाईच्या विनोदावर या दोघी एकदम हसल्या. मावशी प्रत्येकीसाठी आवाज थोडा बदलत होती. एकीचा चिरका, एकीचा जाडा. तिला तिच्या मैत्रिणींचे आवाज अजून आठवत होते, ऐकायचे कान गेले तरी. खोलीत दोघीच होत्या, पण थोड्या वेळाने भिंगरीला मागे वळून बघावंसं वाटायला लागलं. तिने बघितलं नाही.

"ही शिडी," मावशीने बोट ठेवलं. मधल्या रांगेत एक उंच, हडकुळी बाई होती, सगळ्यांपेक्षा वीतभर वर. "मागाच्या वरच्या दोरीला हिचा हात पुरतो म्हणून सारख्या हिलाच हाका. माझ्या शेजारचा माग हिचा."

पुढच्या शॉटमध्ये चित्र सुधारलं. मागचा झोत नाहीसा झाला होता, चेहरे स्वच्छ, डोळे, नाक, गालावरचे तीळसुद्धा दिसत होते. आता कसं, असं भिंगरी मनात म्हणाली. बाबांना बरोबर जमलं होतं.

"दार का लावलं?" मावशी एका आवाजात म्हणाली. मग दुसऱ्या आवाजात, "मुकादमाने लावलं. वाऱ्याने उघडत होतं, म्हणून बाहेरून कडी घातली."

भिंगरी उभी राहिली. हेच! याच्यासाठी तिने वर्षभर चपला झिजवल्या होत्या. तिला आनंदाने ओरडावंसं वाटलं, आणि लगेच आपल्या आनंदाची लाज वाटली.

पडद्यावर शिडीने मान वळवली. सरळ कॅमेऱ्यात बघितलं. तिचे ओठ सावकाश हलले, चार-पाच शब्द, लहान मुलाला सांगावे तसे ताणून.

मावशीने पडद्यावरून नजर काढून घेतली.

"मावशी?" भिंगरीने तिच्यासमोर हात हलवला. "काय म्हणाली?"

"नीट दिसत नाही."

"अहो, एवढं स्वच्छ तर दिसतंय!"

"माझे डोळे दुखतात आता. तू जा, पोरी." आणि तिने स्वतःच्या हाताने लॅपटॉप मिटला. निरोप घेताना तिने भिंगरीच्या गालावरून हात फिरवला. एवढ्या महिन्यांत तिने असं कधी केलं नव्हतं.

घरी आल्यावर भिंगरी आधी वडिलांच्या खोलीत गेली. ते नेहमीसारखे उशांना टेकून होते, उजवा हात पांघरुणाखाली. तो हात आता त्यांचा राहिला नव्हता. आई तो रोज पुसून, तेल लावून पांघरुणाखाली ठेवायची. आवाजही गेला होता. ओठ मात्र दिवसभर पुटपुटत असायचे. डॉक्टर म्हणाले होते, त्याला काही अर्थ नसतो, त्याकडे लक्ष देऊ नका.

खोलीचं दार एक ओबडधोबड दगड लावून उघडं ठेवलेलं होतं. तो स्टुडिओतला दगड. तिथेही तो कायम दाराशी असायचा. पावसाळ्यात पाणी आत यायचं, उन्हाळ्यात धूळ, गिऱ्हाईकं कुरकुरायची, पण बाबा, म्हणजे गावाचे फोटोकाका, दार लावून घेत नसत. आई म्हणायची, "माझं लग्न या माणसाशी झालं की या दगडाशी, देव जाणे." आजारपणात एकदा तिने वारा लागतो म्हणून दार ओढून घेतलं, तर बाबा एवढे तडफडले की तिने हात टेकले आणि माळ्यावरून तो दगड शोधून आणला.

"कसे आहात बाबा?" भिंगरी म्हणाली.

बाबांचे ओठ हलले. सावकाश. ताणून.

भिंगरी ग्लास उचलत होती, ती तशीच थांबली. हे तिने कुठेतरी बघितलं होतं. आता, दोन तासांपूर्वी. ओठांचा तो चंबू, मग जबडा खाली, मग पुन्हा बंद, आणि शेवटी उघडं राहिलेलं तोंड.

आपल्याला भास होतोय, असं तिने स्वतःला समजावलं. सुनावणी जवळ आली, झोप नाही, डोक्याचा भुगा झालाय. तरी तिने कॅमेरा आणला, बाबांच्या तोंडावर रोखला आणि पाच मिनिटं चालू ठेवला. मग आपल्या खोलीत जाऊन कॉम्प्युटरवर दोन चौकोन शेजारी शेजारी लावले. डावीकडे शिडी, उजवीकडे बाबा. दोघांचे ओठ हलण्याचा पहिला क्षण जुळवला आणि बटण दाबलं.

तीस वर्षांची बाई आणि सत्तरीचा म्हातारा, दोघांची तोंडं एकदम उघडली, एकदम मिटली. कुठे क्षणभरही मागेपुढे नाही. तिने पुन्हा लावलं. पुन्हा तेच. बाबा पाच मिनिटांत ते वाक्य अकरा वेळा म्हणाले होते, आणि प्रत्येक वेळी एका मेलेल्या बाईच्या तोंडाने म्हणाले होते.

बाहेर भर दुपार होती, शेजारी कुणीतरी भांडी घासत होतं.

दुसऱ्या दिवशी ती मावशीकडे गेली तेव्हा तिने काही विचारलं नाही. नुसते ते दोन चौकोन लावले. मावशीने ते एकदा बघितले. तिने पुन्हा लाव म्हटलं नाही.

"हा तुझा बाप?"

भिंगरीने मान हलवली.

"मला वाटलं होतं, तुला कळायला नको," मावशी म्हणाली. "तू पोरगी चांगली आहेस. पण हा स्वतःच सांगत सुटलाय, त्याला मी तरी काय करू." तिने शिडीवर बोट ठेवलं. "शिडी म्हणते, ओ, जाताना दार उघडून जा."

भिंगरी खाली बसली. एवढं ऐकल्यावर बाकीचं सांगायला तिला मावशी लागत नव्हती. पहिल्या शॉटमधला झोत म्हणजे उघडं दार. दुसऱ्या शॉटमध्ये झोत नाही. दार कुणी लावलं ते बायका सांगत होत्या, पण का लावलं, ते त्यांच्यापेक्षा तिला जास्त चांगलं कळत होतं. तिने स्वतः शंभर वेळा, शंभर घरांत, हेच सांगितलं होतं: जरा ती खिडकी लावता का, मागून उजेड येतोय. लोक बिचारे लावतात. सिनेमावाल्यांना काहीतरी कळत असेल म्हणून लावतात. आणि आपण आपलं सामान गोळा करून निघून जातो; खिडकी पुन्हा उघडली का, ते कोण बघतं?

"आणि हे बघितलंस?" मावशीने पडद्याच्या उजव्या कोपऱ्यावर नख ठेवलं. शिडीचं बोलणं संपतं तिथे, चित्राच्या अगदी कडेला, एक हात वर येत होता. कॅमेऱ्यामागच्या माणसाचा. पंजा दोनदा हलत होता, हो हो, ठीक आहे, असा. भिंगरीने ही फिल्म पन्नास वेळा तरी बघितली असेल, पण तो हात ती मागाचा भाग समजत आली होती.

"त्यांना ऐकू कुठे आलं असेल त्या गोंगाटात," भिंगरी म्हणाली, मग मावशीला दिसावं म्हणून तोंड वर करून पुन्हा म्हणाली. "त्यांना वाटलं असेल, ती नुसती हसून काहीतरी बोलतेय."

"असेल," मावशी म्हणाली.

"मग ती काय म्हणते? हात बघितल्यावर? ती शेजारणीकडे वळून काहीतरी बोलते."

पण मावशी उठून पाणी प्यायला गेली होती, आणि तिच्या पाठीला काय विचारणार!

त्या शनिवारी भिंगरीने आयुष्यात पहिल्यांदा एक लबाडी केली. लबाडी कसली, बोटभर काम. चित्राची उजवी कड थोडी आत घेतली. बस. हात गेला. बाकी सगळं जागच्या जागी: बंद दार, बाहेरून कडी, शिडीचं बोलणं. हात नसला की शिडी मुकादमाला सांगतेय असं वाटत होतं. मुकादमाला मरून बारा वर्षं झाली होती, मागे रडायलाही कुणी नव्हतं. अहवालातलं ते वाक्य खोटं ठरणार होतं, एकतीस घरांना न्याय मिळणार होता, आणि अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्याचं नाव कुठे येणार नव्हतं. यात कुणाचं काय बिघडत होतं? तिने स्वतःला हा प्रश्न इतक्या वेळा विचारला की शेवटी तिचं तिलाच कळलं, काहीतरी बिघडत होतं.

रविवारी सकाळी मावशी घरी आली. भिंगरीनेच बोलावलं होतं. उद्या दाखवायचं ते एकदा पूर्ण बघून घ्या म्हणून. मावशी दाराशी आली, दगड बघितला आणि वाकून त्याला हात लावला. मग ती आत येऊन बाबांच्या समोर बसली. दोघं एकमेकांकडे बघत राहिली. बाबांचे ओठ सुरू झाले, तेच.

"उघडं आहे," मावशी त्यांना म्हणाली. आवाज न काढता, नुसत्या ओठांनी. पण तेच ते शब्द पुन्हा पुन्हा बघून भिंगरीला ते आता वाचता येत होतं. "दार उघडं आहे. मी त्यातूनच आले."

बाबांचे ओठ थांबले. दोन वर्षांत पहिल्यांदा त्यांचं तोंड मिटलेलं दिसलं. स्वयंपाकघरातून आलेली आई पाण्याचा ग्लास घेऊन तशीच उभी राहिली. "गप्प कसे झाले गं हे?" ती घाबरून म्हणाली.

भिंगरीने लॅपटॉप बाबांच्या मांडीवर ठेवला आणि फिल्म लावली. त्यांनी ती ओळखली. डोळे एका एका बाईवरून जात होते, भेटायला आलेल्या माणसांवरून जावे तसे. झोत आला, झोत गेला. शिडीने कॅमेऱ्यात बघितलं आणि ती बोलली.

त्याच क्षणी बाबांची नजर तिच्यावरून हलली आणि पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात गेली. तिथे काही नव्हतं. ते बघत राहिले. फिल्म पुढे गेली तरी ते त्याच कोपऱ्याकडे बघत होते, जिना उतरताना शेवटची पायरी सापडू नये तसा चेहरा करून. मग त्यांनी मान वर केली, लेकीकडे बघितलं, आणि ओठ हलवले. हे वाक्य वेगळं होतं.

भिंगरीने मावशीकडे बघितलं. मावशीने मान वळवली. "तुला सांगतोय तो," ती म्हणाली. "तूच वाच."

बाबांनी पुन्हा सांगितलं. सावकाश, ताणून, लहान मुलाला सांगावं तसं.

माझा हात कुठाय?

आईने लगबगीने पांघरूण सरळ केलं, आतला तो निर्जीव हात चाचपून पाहिला. "इथेच तर आहे हात यांचा," ती म्हणाली, कारण नवऱ्याची नजर पांघरुणावर होती आणि तिला वाटलं, तो दुखतोय.

भिंगरी रडत होती. बापाचा राग येत होता, बापाची दया येत होती, आणि सगळ्यात जास्त स्वतःची लाज वाटत होती, की एकतीस बायकांनी सांगितलेलं कुणी ऐकलं नाही म्हणून आपण माहितीपट करायला निघालो आणि आपणच त्यांना मिळालेलं उत्तर कापून टाकलं. तिने लॅपटॉप आपल्याकडे ओढला. कड पकडली आणि बोटभर बाहेर सारली.

फिल्म मागे नेऊन पुन्हा लावली. शिडी बोलली. कोपऱ्यातून हात वर आला, तरुण, सडसडीत, मनगटावर घड्याळ. दोनदा हलला, हो हो, ठीक आहे. पडद्यावर शिडी समाधानाने हसली, शेजारणीकडे वळली आणि तिला काहीतरी म्हणाली.

"मावशी," भिंगरी म्हणाली, "आता तरी सांगा."

मावशीने डोळे पुसले. बाबा तिच्याच तोंडाकडे बघत होते. मग ती शिडीच्या आवाजात, चिरक्या, खुशीतल्या आवाजात म्हणाली:

"उघडतो म्हणाला गं. चांगला आहे पोरगा."